वियोगाचे औषध : मोन्तिअन बून्मा यांची कला आणि धम्मविचार

किसा गोतमीची कथा आपणां सर्वांस परिचित आहे. एकुलता एक मुलगा दगावल्यावर ती त्याचे कलेवर कडेवर घेऊन औषधासाठी दारोदार हिंडली. तथागतांनी तिला थोडी मोहरी आणावयास सांगितले. अट एवढीच की, ज्या घरी आजवर कोणाचाही मृत्यू झाला नाही अशाच घरची ती असावी. मोहरी प्रत्येक घरी होती; मात्र मृत्यू होऊन गेला नाही असे घर तिला मिळाले नाही. शेवटी ती परतली, मुलाचा देह तिने स्मशानात ठेवला आणि संघात प्रवेश केला.

या कथेचे निरूपण करताना आपण अनित्यतेवर भर देतो आणि ते योग्यच आहे. तथापि तिच्यातील आणखी एका गोष्टीकडे आम्ही वाचकांचे लक्ष वेधू इच्छितो. तथागतांनी शोकाकुल मातेस प्रथम उपदेश केला नाही. त्यांनी तिला स्वयंपाकघरातील एक साधी वस्तू शोधावयास पाठविले. त्या वस्तूच्या निमित्ताने ती अनेक घरांच्या उंबरठ्यावर उभी राहिली, तेथील माणसांची दुःखे तिने ऐकली आणि तिचे दुःख तिच्या एकटीचे राहिले नाही. मोहरी हे औषध नव्हते, पण मोहरीचा शोध हे औषध ठरले.

साधी वस्तू, वियोगाचे दुःख आणि औषध या तीन गोष्टींचा असाच संबंध आपल्या काळात एका बौद्ध देशातील कलावंताने जोडून दाखविला. थायलंडचे मोन्तिअन बून्मा हे ते कलावंत होत. त्यांच्या कलेचा परिचय करून देणे आणि धम्माच्या दृष्टीने तिचा विचार करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

हा विषय केवळ कलारसिकांचा आहे असे कोणी समजू नये. बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी १९५६ साली नागपूर येथे दिलेल्या बावीस प्रतिज्ञांपैकी एका प्रतिज्ञेने आपण श्राद्ध व पिंडदान यांचा त्याग केला. निरर्थक कर्मकांडातून आपली सुटका झाली. परंतु माणूस गेल्यावर घरात जी पोकळी निर्माण होते ती कोणत्याही प्रतिज्ञेने भरून निघत नाही. पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम आटोपतो, भिक्खू व उपासक आपापल्या घरी जातात, आणि मागे राहतात त्या मृत व्यक्तीच्या वस्तू : चष्मा, काठी, शिवणयंत्र, औषधांच्या अर्ध्या बाटल्या. या वस्तूंचे काय करावे, हा प्रश्न अनेक घरांतून आम्हांस विचारला गेला आहे. त्या प्रश्नामागे खरा प्रश्न असतो तो स्मृतीचे काय करावे, हा.

जीवन व घडण

मोन्तिअन बून्मा यांचा जन्म १९५३ साली बँकॉक येथे झाला. त्यांचे नाव आपणांस परके वाटले तरी त्याची मुळे आपल्या परिचयाची आहेत. ‘मोन्तिअन’ हा शब्द ‘मंदिर’ या शब्दापासून आला असून थाई भाषेत तो राजनिवासासाठी वापरतात, आणि ‘बून’ म्हणजे पालीतील ‘पुञ्ञ’, आपले ‘पुण्य’. बँकॉकच्या शिल्पाकोर्न विद्यापीठात त्यांनी चित्रकलेचे शिक्षण घेतले. पुढे १९८६ ते १९८८ या काळात ते पॅरिस येथे शिकले. स्वदेशी परतल्यावर उत्तर थायलंडमधील चिआंग माई विद्यापीठात ते अध्यापन करू लागले.

पाश्चात्त्य कलेत विसाव्या शतकाच्या आरंभापासून एक प्रवाह होता. रंग, कॅनव्हास, संगमरवर या रूढ साधनांऐवजी रोजच्या वापरातील किंवा टाकून दिलेल्या वस्तू उचलून त्यांचीच कलाकृती करावयाची, असा तो प्रवाह. अनेक प्रकारची साधने एकत्र आणणाऱ्या अशा कलेस मिश्रमाध्यम कला म्हणतात. वस्तूंची विशिष्ट जागेत अशी मांडणी केली की प्रेक्षक तिच्याभोवती किंवा तिच्या आत फिरू शकतो, तेव्हा तिला मांडणशिल्प ही संज्ञा मराठीत रूढ झाली आहे. बून्मा यांनी ही पद्धत युरोपात जवळून पाहिली. परंतु तेथील विषय त्यांनी उसने घेतले नाहीत. परतल्यानंतर त्यांनी आपल्या देशाची माती, भाताचा पेंढा, विहारातील घंटा, भिक्षापात्र आणि वैदूची औषधे हाती घेतली.

शेतावरून आलेल्या वस्तू

१९८९ साली बँकॉक येथे त्यांचे एक प्रदर्शन भरले. त्याचे नाव ‘शेतावरची गोष्ट’ असे होते. त्यात म्हशींची शिंगे होती, तांदळाची पोती होती, पेंढा, माती व शेतीची अवजारे होती. चिआंग माईच्या परिसरातील शेतकऱ्यांच्या जीवनातून आलेल्या या वस्तू त्यांनी एकत्र बांधून व रचून उभ्या केल्या होत्या.

त्या काळात थायलंडमध्ये उद्योग व शहरे झपाट्याने वाढत होती. भातशेतीत पिढ्यान्‌पिढ्या राबलेल्या म्हशीची जागा यंत्राच्या नांगराने घेतली. या यंत्रास थाई शेतकरी ‘लोखंडी म्हैस’ म्हणतात. तरुण मुले-मुली कामासाठी बँकॉकला जाऊ लागली. गावात मागे राहिली ती रिकामी पोती, गंजलेली अवजारे आणि शिंगे. बून्मा यांच्या कलेतील वियोगाचा पहिला विषय असा एका संपूर्ण जीवनपद्धतीचा वियोग होता. पुढे त्यांच्यावर व्यक्तिगत आघात झाला तेव्हा वस्तूंची ही भाषा त्यांच्याजवळ आधीच तयार होती.

प्रदर्शन बँकॉकच्या नागर प्रेक्षकांपुढे मांडले गेले ही गोष्टही ध्यानात घेण्यासारखी आहे. जो समाज तो तांदूळ खात होता त्याच्यासमोर तांदळाचे पोते ठेवले गेले. पोते पाहणाऱ्यास ते वाहणारी पाठ आठवावी, एवढी अपेक्षा त्यामागे होती असे आम्हांस वाटते.

येथे विनयपिटकातील एका प्रसंगाचे स्मरण होते. मगधातील भातखाचरे व त्यांचे बांध पाहून तथागतांनी आनंदास विचारले की, भिक्खूंच्या चीवरांची रचना अशी करता येईल काय? आनंदाने तुकडे जोडून तशी चीवरे तयार केली. आजही भिक्खूच्या चीवरावर जे चौकोन दिसतात ते त्या खाचरांचेच होत. शेत आणि धम्म यांचे नाते इतके जुने आहे.

टाकलेली वस्तू व आपला इतिहास

टाकून दिलेल्या वस्तूंपासून कलाकृती करण्याचा विषय निघाला म्हणजे आपल्या वाचकांच्या मनात एक अस्वस्थता उत्पन्न होणे स्वाभाविक आहे, आणि तिला बगल देणे आम्हांस प्रशस्त वाटत नाही. मनुस्मृतीच्या दहाव्या अध्यायात चांडाळ व श्वपच यांच्यासाठी जे नियम घालून दिले आहेत त्यांत त्यांनी गावाबाहेर राहावे, प्रेतांवरील वस्त्रे ल्यावीत, फुटक्या भांड्यांत खावे व लोखंडाचे अलंकार घालावेत असे सांगितले आहे. टाकलेली वस्तू आपल्या पूर्वजांच्या अंगावर अशा रीतीने लादली गेली. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाड येथे ज्या ग्रंथाचे दहन झाले त्यात हे लिहिलेले होते. त्यामुळे फुटके भांडे आणि जुनी चिंधी कलादालनात सुंदर म्हणून मांडलेली पाहिली की आपल्या मनात संशय येतो. दारिद्र्याचे कौतुक हा सुखवस्तू लोकांचा जुना छंद आहे.

या संशयाचे उत्तर आपल्याच परंपरेत शोधावे लागेल. आरंभीच्या संघात भिक्खू पांसुकूल चीवर वापरीत. उकिरड्यावर व स्मशानात टाकलेल्या चिंध्या वेचून, धुऊन, शिवून व रंगवून ते तयार होई. वैद्य जीवकाने तथागतांना उत्तम वस्त्र अर्पण केले, त्या प्रसंगापासून गृहस्थांनी दिलेली वस्त्रे घेण्याची अनुज्ञा झाली. वरवर पाहता प्रेतावरील वस्त्र मनुस्मृतीतही आहे व विनयातही आहे. परंतु दोहोंमध्ये मूलभूत अंतर आहे. मनुस्मृतीत ते विशिष्ट जन्माच्या माणसांवर लादलेले असून हीनतेची खूण म्हणून आलेले आहे. संघात मात्र शाक्य राजकुमार, नापित उपाली आणि झाडू मारून पोट भरणारा सुनीत हे तिघेही स्वेच्छेने तेच वस्त्र धारण करीत, आणि त्यामुळे वस्त्रावरून माणसाची पायरी ओळखण्याची सोयच उरली नाही.

याच कसोटीवर आम्ही बून्मा यांच्या कलेकडे पाहतो. त्यांच्या कामात टाकलेली वस्तू कोणाच्या हीनतेची खूण म्हणून येत नाही. ती ज्या हातांनी वापरली त्या हातांची आठवण घेऊन येते. आणि पुढे आपण पाहू त्याप्रमाणे ती केवळ पाहण्याची वस्तू राहत नाही. प्रेक्षकाच्या उपयोगी पडण्याची तिची धडपड असते.

घंटा व भिक्षापात्र

१९९० नंतर बून्मा यांच्या कामात विहारातील वस्तू ठळकपणे येऊ लागल्या. त्यांची ‘कमलनाद’ ही कलाकृती १९९२ मधील आहे. पक्व मातीच्या पुष्कळ घंटा एकमेकींवर रचून त्यांनी एक वक्र भिंत उभारली आणि तिच्या पलीकडे सोनेरी कमळपाकळ्या तरंगत असल्यासारख्या मांडल्या. १९९३ साली ऑस्ट्रेलियातील ब्रिस्बेन येथे आशिया-पॅसिफिक कलेचे पहिले त्रैवार्षिक प्रदर्शन भरले तेव्हा ती तेथे होती व आता तेथील क्वीन्सलँड कलादालनाच्या संग्रहात आहे. घंटा हे नादाचे साधन आहे. पण एकमेकींवर रचलेल्या मातीच्या घंटा वाजत नाहीत. त्यांच्यासमोर उभ्या राहणाऱ्यास नाद मनातच ऐकावा लागतो. आणि मातीची भिंत केव्हाही ढासळू शकेल या जाणिवेने माणूस तिच्याजवळ आपोआप जपून पावले टाकतो. सतिपट्ठानात सांगितलेली चालण्याविषयीची जागरूकता येथे कोणताही उपदेश न करता साधली गेली आहे.

भिक्षापात्र हा त्यांचा दुसरा आवडता आकार. भिक्खूच्या मोजक्या परिष्कारांपैकी ते एक. बँकॉकमध्ये भिक्षापात्रे हाताने घडविणाऱ्या कारागिरांची एक जुनी वस्ती आहे. तेथे लोखंडाच्या पत्र्याचे आठ तुकडे जोडून पात्र घडविण्याची रीत चालत आलेली आहे. पात्राचा उपयोग त्याच्या पोकळीमुळे होतो. भरलेल्या पात्रात नवे काही घेता येत नाही. बून्मा यांनी पात्राकडे चित्ताचे रूप म्हणून पाहिले. त्यांनी मातीची पात्रे घडविली, आणि पात्राचा आकार पुनःपुन्हा रेखाटण्याची क्रियाच चित्ताची साधना म्हणून स्वीकारली.

आरोग्यशाला

याच काळात त्यांच्या पत्नीस स्तनाचा कर्करोग झाला. १९९४ साली तिचे निधन झाले. त्या आजारपणाच्या वर्षांत व त्यानंतर बून्मा यांच्या कलेत एका नव्या साधनाने प्रवेश केला. ते साधन म्हणजे औषधी वनस्पती. थायलंडच्या पारंपरिक वैद्यकात वापरली जाणारी मुळे, साली, पाने व मसाले यांची पूड करून ते कलाकृतीच्या अंगास लिंपू लागले. आता त्यांची कला केवळ डोळ्यांनी पाहण्याची राहिली नाही. ती श्वासाने घ्यावी लागे.

१९९५ मधील एका मांडणशिल्पाच्या नावात त्यांनी ‘निसर्गाचा श्वास’ या शब्दांबरोबर ‘अरोखयसाला’ हा शब्द योजला. मराठी वाचकास तो लगेच ओळखू येईल. तो आपला ‘आरोग्यशाला’ हाच शब्द आहे. धातूच्या पेट्या एकमेकींवर रचून बून्मा यांनी एक उंच निवारा केला. त्याच्या आत माणसाच्या फुप्फुसांचा आकार टांगला आणि वनस्पतींचा गंध भरला. आत उभ्या राहणाऱ्या माणसाने दीर्घ श्वास घ्यावा एवढेच त्याच्याकडून अपेक्षित होते. आनापानसतीत श्वासच आलंबन असतो हे येथे वेगळे सांगावयास नको.

आरोग्यशाला हे नाव इतिहासातून आलेले आहे. कंबोडियाचा बौद्ध राजा सातवा जयवर्मा ११८१ साली राज्यावर आला. ता प्रोह्म येथील ११८६ च्या शिलालेखात त्याच्या राज्यातील १०२ आरोग्यशालांचा उल्लेख आहे. त्यांपैकी काहींचे अवशेष व शिलालेख आजच्या ईशान्य थायलंडमध्ये सापडले आहेत. राजा महायानी होता व या आरोग्यशाला भैषज्यगुरू बुद्धास समर्पित होत्या. त्यांच्या लेखांत वैद्य व सेवक यांच्या नेमणुका, तसेच मध, कापूर यांसारख्या द्रव्यांचा पुरवठा यांच्या नोंदी आढळतात. प्रजेच्या शरीराची व्याधी ही राजाच्या मनाची व्याधी होय, असा आशय त्यांत आहे. तेथे चारही वर्णांवर उपचार करता येतील, असेही एका लेखात म्हटले आहे. वर्णांचा उल्लेख करावा लागला यावरून वर्णकल्पना तेथवर पोहोचली होती हे दिसतेच; पण आजारी माणसाच्या बाबतीत तिचा अडसर नको, ही बौद्ध दृष्टीही त्यातून दिसते.

ही दृष्टी जयवर्म्याच्याही फार पूर्वीची आहे. सम्राट अशोकाच्या दुसऱ्या शिलालेखात माणसांच्या व पशूंच्या चिकित्सेची व्यवस्था केल्याचे, आणि जेथे औषधी वनस्पती नव्हत्या तेथे त्या आणवून लावल्याचे नमूद आहे. गिरनारच्या शिळेवर तो आजही वाचता येतो. आणि या सर्वांच्या मुळाशी महावग्गातील तो प्रसंग आहे. अतिसाराने आजारी पडून स्वतःच्या मलमूत्रात पडलेल्या एका भिक्खूस तथागतांनी आनंदाच्या साहाय्याने स्वतःच्या हातांनी धुतले व मंचकावर ठेवले. ज्यास माझी सेवा करावयाची असेल त्याने आजाऱ्याची सेवा करावी, असे त्यांनी त्या वेळी संघास सांगितले.

पत्नीची शुश्रूषा केलेल्या एका माणसाने आपल्या कलाकृतीस आरोग्यशाला म्हणावे, यातील अर्थ या पार्श्वभूमीवर उलगडतो. ज्या औषधांनी पत्नी वाचली नाही त्यांच्याविषयी कटुता न बाळगता त्याने ती इतरांच्या श्वासासाठी खुली केली.

चित्ताची शाला व आशेचे घर

याच १९९५ सालातील दुसरी एक कलाकृती ‘चित्ताचे मंदिर : चित्तासाठी शाला’ ही होय. ती ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय कलादालनात आहे. लाकडी पेट्या एकावर एक रचून स्तूपासारखा निमुळता आकार केलेला असून पेट्यांना औषधी वनस्पतींचा लेप आहे व आत पितळी घंटा आहेत. थाई विहाराच्या आवारात किंवा रस्त्याच्या कडेला वाटसरूंसाठी जो चारही बाजूंनी उघडा मंडप असतो त्यास तेथे ‘साला’ म्हणतात. आपल्याकडील धर्मशाळेतील ‘शाळा’ तीच. पारंपरिक स्तूपास आपण बाहेरून प्रदक्षिणा घालतो, कारण आतील धातू बंदिस्त असतात. बून्मा यांचा स्तूप आतून पोकळ आहे. त्याच्या गाभ्यात कोणाचेही अवशेष ठेवलेले नाहीत. तेथे उभा राहतो तो जिवंत माणूस.

१९९६-९७ मधील ‘आशेचे घर’ हे त्यांचे सर्वांत प्रसिद्ध मांडणशिल्प. १९९७ साली ते न्यूयॉर्क येथे मांडले गेले. औषधी वनस्पतींच्या पुडीपासून वळलेल्या लहान लहान गोळ्या दोऱ्यांत ओवून अशा असंख्य माळा त्यांनी वरून खाली सोडल्या. माळांचे एक घर झाले, ज्यास भिंत म्हणून काही नव्हते. खोलीच्या खऱ्या भिंतींवरही वनस्पतींच्या पुडीचा लेप होता, त्यामुळे संपूर्ण जागा गंधाने भारून जाई. गोळ्या औषधाच्या असल्या तरी माळ जपमाळेसारखी दिसे. एकेक गोळी वळण्यास लागलेला वेळ, तिची पुनरावृत्ती आणि तीमागील धीर यांची कल्पना आली म्हणजे शोकाकुल माणसाच्या हातांस काम किती आवश्यक असते हे समजते. ज्यांनी घरातील दीर्घ आजारपण पाहिले आहे त्यांस औषधाचा वास हा भीतीचा वास वाटतो. त्याच वासातून आशेचे घर उभारण्याचे धैर्य या कलाकृतीत आहे.

मूर्तीच्या आतील पोकळी

१९९८ मधील ‘वितळती पोकळी : चित्तासाठी साचे’ ही कलाकृती बौद्ध वाचकांस विशेष विचारप्रवर्तक वाटेल. थायलंडमध्ये बुद्धमूर्ती ओतताना प्रथम मातीचा गाभा करून त्यावर मेणाची मूर्ती घडवितात व तिच्यावर साचा चढवितात. उष्णता दिली की मेण वितळून जाते आणि साच्यात जी पोकळी राहते तीत वितळलेला धातू ओततात. थंड झाल्यावर साचा फोडून टाकतात. पूजा होते ती धातूच्या मूर्तीची. साच्याकडे कोणी पाहत नाही.

बून्मा यांनी नेमका हा टाकून देण्याचा साचाच कलाकृती म्हणून उभा केला. बुद्धमस्तकाचे मोठे साचे त्यांनी उंच आधारांवर ठेवले आणि त्यांच्या आतील बाजूस रंग व औषधी वनस्पतींचा लेप दिला. प्रेक्षकाने खालून वाकून आपले डोके साच्याच्या आत घ्यावयाचे. तेथे त्यास बुद्धाचा चेहरा उलट्या बाजूने, म्हणजे आतून दिसतो. ज्या ठिकाणी मूर्ती असावयास हवी त्या ठिकाणी पोकळी असते, आणि त्या पोकळीत त्याचे स्वतःचे डोके असते.

मूर्तीपुढे हात जोडून मागणे मागण्याची सवय बौद्ध देशांतही आहे व आपल्याकडेही ती नाही असे म्हणता येणार नाही. बुद्धाने स्वतःस मोक्षदाता म्हटले नाही, ते मार्गदाता होते, हे बाबासाहेबांनी ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात आग्रहाने सांगितले आहे. मूर्तीच्या जागी आपलेच डोके ठेवावयास लावणारी ही कलाकृती तेच सत्य निराळ्या रीतीने दाखविते असे आमचे मत आहे.

पुढे १९९८-९९ मध्ये जर्मनीतील वास्तव्यात त्यांनी ‘राशिगृहे’ ही उंच काळ्या मनोऱ्यांची मालिका केली. तेथील गॉथिक चर्चच्या शिखरांचा प्रभाव तीवर आहे, आणि तेथेही प्रेक्षकास आत डोके घालून वर पाहावे लागते. त्यानंतर लवकरच ते स्वतः कर्करोगाने आजारी पडले. १७ ऑगस्ट २००० रोजी वयाच्या ४७ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. २००३ साली न्यूयॉर्कच्या एशिया सोसायटीत अपिनान पोष्यानंद यांच्या संयोजनाखाली ‘चित्ताचे मंदिर’ या नावाने त्यांच्या कार्याचे मोठे प्रदर्शन भरले, आणि २००५ साली व्हेनिसच्या द्वैवार्षिक प्रदर्शनात थायलंडच्या दालनात त्यांचे काम मरणोत्तर मांडले गेले.

दुःखाचा प्रश्न

येथे एक आक्षेप विचारात घेणे अगत्याचे आहे. बाबासाहेबांनी आपल्या ग्रंथाच्या प्रस्तावनेत चार आर्यसत्यांविषयी प्रश्न उपस्थित केला होता. जीवन दुःख, मरण दुःख, पुनर्जन्मही दुःख असेल तर मनुष्यास आशा कोठून राहणार, आणि ही शिकवण निराशावादाची ठरणार नाही काय, असा तो प्रश्न होता. त्यांच्या मते धम्माचा केंद्रबिंदू मनुष्य व मनुष्यांमधील संबंध हा असून दुःखाचे अस्तित्व मान्य करणे व ते दूर करणे हाच त्याचा पाया आहे. मग एका व्यक्तीच्या शोकातून निर्माण झालेल्या कलेस आपण किती महत्त्व द्यावे? शोषणातून येणारे दुःख संघर्षाने दूर करता येते. गंधाने भारलेल्या खोलीत श्वास घेऊन ते दूर होईल काय?

होणार नाही. आणि बून्मा यांच्या कलेने तसा दावा केल्याचे आम्हांस आढळत नाही. त्यांचा विषय वियोग आहे, आणि वियोगाचे दुःख न्याय्य समाजातही राहणारच. परंतु या दुःखालाही दोन वाटा असतात. एक वाट माणसास आत कोंडून घेते. मृताच्या वस्तू ती कुलुपात ठेवते व स्मृतीचे देव्हारे करते. दुसरी वाट किसा गोतमीची आहे, जी अनेक दारांवरून जाते. बून्मा यांनी पत्नीच्या वैयक्तिक वस्तूंचे प्रदर्शन मांडले असते तर लोकांनी हळहळ व्यक्त केली असती. त्यांनी तिच्या आजारपणातून औषध तेवढे उचलले व इतरांसाठी त्याची शाला बांधली. तेथे येणाऱ्यास त्या स्त्रीचे नावही ठाऊक असण्याची आवश्यकता नव्हती. आपले दुःख घेऊन त्याने यावे व श्वास घ्यावा एवढे पुरेसे होते. म्हणून ही कला निराशावादी नाही, आणि माणसामाणसांतील संबंधांपासून ती दूर गेलेलीही नाही.

या कलाकृतींचे आणखी एक वैशिष्ट्य सांगून आम्ही हा लेख पुरा करतो. वनस्पतींचा गंध टिकत नाही. काळानुसार तो विरत जातो, पूड झडते, दोरे जीर्ण होतात. संग्रहालयांचे काम वस्तू जशीच्या तशी राखण्याचे, आणि ही कला तर विरण्यासाठीच जन्मलेली. तिचा गंध पुन्हा हवा असेल तर कोणीतरी पुन्हा वनस्पती कुटल्या पाहिजेत व पुन्हा लेप दिला पाहिजे. स्मृतीचेही असेच आहे. ती एकदा जतन करून संपत नाही. तिच्यासाठी दर वेळी कोणाच्या तरी हातांनी राबावे लागते.

आपल्या घरांतून विचारल्या जाणाऱ्या त्या प्रश्नाचे उत्तर आम्हांस याच दिशेने दिसते. गेलेल्या आईचे शिवणयंत्र ज्या मुलीस शिवणकाम शिकावयाचे आहे तिच्या हाती द्यावे. वडिलांची पुस्तके विहाराच्या वाचनालयात ठेवावीत. उरलेल्या पैशांतून एखाद्या आजाऱ्याच्या औषधाची सोय करावी, आणि एखादी वस्तू आपल्याजवळ ठेवावीशी वाटली तर अवश्य ठेवावी. धम्म माणसास दगड होण्यास सांगत नाही. पण पुण्यानुमोदनाच्या दिवशी त्या व्यक्तीच्या नावाने कोणाच्या तरी अंगणात एक औषधी रोप लावले गेले, तर ज्यांनी मूळ व फळ देणाऱ्या वनस्पती दूरदेशी नेऊन लावविल्या त्या सम्राट अशोकाच्या परंपरेचे ते पालन होईल, आणि आपल्या माणसाची आठवण दुसऱ्या कोणाच्या तरी श्वासात मिसळून राहील.